पहिला गलेफ

मदारसाब मुजावराइतका भिडस्त माणूस मी दुसरा पाहिला नाही. लोक त्याला भला म्हणायचे, मीही म्हणायचो. आता म्हणताना जीभ अडखळते, कारण त्या भिडेनंच त्याचं वाटोळं केलं.

झरीच्या अलीकडं आमचं गाव. गावाबाहेर गुदडशावलीचा दर्गा आणि त्याला लागून काळ्याभोर मातीचं एक शेत. त्याला सगळे पिराचं रान म्हणत. गावात मुसलमानाचं घर एकच, मदारसाबचं. दर्ग्याची सेवा तोच करायचा आणि ते रानही तोच कसायचा. त्यातल्या ज्वारीवर त्याचं घर चालायचं, कापसावर दर्ग्याची दिवाबत्ती आणि उरूस. दिव्याचं तेल माझ्या दुकानातून जाई. ते न्यायला आला की मदारसाब ओट्यावर टेकायचा, पण मी दहादा म्हटल्याशिवाय पाय पसरायचा नाही.

मदारसाबचा भावासारखा शेतकरी दोस्त मुंजाजी, त्याच्या पणज्यानं ते रान दिलं होतं. घरात मूल जगेना म्हणून तो पिराला नवस बोलला. पोरगं जगलं, तशी त्यानं हातावर पाणी सोडून जमीन दर्ग्याला दिली. कागद कुणी केला नाही. गावानं एक रीत घातली: उरुसाला मजारीवर पहिला गलेफ, म्हणजे पहिली चादर, मुंजाजीच्या घरची. पहिला गलेफ ज्याचा, जमीन त्याच्या घरानं दिलेली, हे गावात शेंबड्या पोरालाही ठाऊक. आम्ही त्यालाच कागद समजत होतो.

मग एका वर्षी उरुसाच्या तोंडावर मुंजाजीची आई वारली. घरात सुतक, गलेफ कसा न्यायचा? त्याच सुमारास गौहर बेग म्हणून एक बडे गृहस्थ हैदराबादेतली नोकरी संपवून शेजारच्या शिवारात राहायला आले होते. ते जरीचा गलेफ घेऊन दारात उभे राहिले. मजार उघडी राहू नये आणि दारातल्या पाहुण्याला नाही कसं म्हणावं, असं मदारसाबला वाटलं. त्यानं तो चढवला. इथवर माझी तक्रार नाही.

पुढच्या वर्षी बेगसाहेब पुन्हा आधी येऊन बसले. मागून मुंजाजी गलेफ डोक्यावर घेऊन, हलगीवाल्यासंगं आला. मदारसाबनं त्याला पायरीवरच थांबवलं.

"मुंजाजी, तू तर घरचाच हायस. जरा थांब, सायबाचं होऊ दे."

मुंजाजीनं हलगी बंद करायला लावली. गलेफ घेऊन तसाच माघारी गेला आणि त्यानंतर दर्ग्याकडं फिरकला नाही. मी मदारसाबला म्हणालो, जाऊन त्याची समजूत काढ. तो म्हणाला, "निवळंल आपोआप. भावाभावाचं हाय." परक्याची भीड आणि घरच्याला गृहीत धरणं, आपल्याकडं याचंच नाव चांगुलपणा.

तिसऱ्या वर्षीही पहिला गलेफ बेगसाहेबांचाच चढला, आणि त्या उन्हाळ्यात परभणीच्या मुन्सफाकडं त्यांनी दावा लावला. म्हणणं असं, की पिराचं रान मूळचं त्यांच्या आजोबांचं. दर्ग्याला जमीन कधी दिलेलीच नाही, फक्त तिच्या उत्पन्नातून दिवा लावायची मुभा दिली होती. मुजावर हा त्यांचा नोकर, त्याला उठवावं. पटवाऱ्याला हाताशी धरून त्यांनी जमिनीच्या दप्तरात आपलं नावही चढवून घेतलं होतं.

आमचा वकील म्हणाला, ज्याच्या पणज्यानं जमीन दिली त्याला उभा करा, बाकीचं मी बघतो. मी आणि मदारसाब मुंजाजीच्या खळ्यावर गेलो. मदारसाबनं डोक्यावरची टोपी काढून हातात घेतली.

"मुंजाजी, रान जायलाय. कचेरीत येऊन एवढं सांग, पयला गलेफ तुज्या घरचा."

"आता ज्याचा मान हाय त्याला न्या," मुंजाजी मान वर न करता म्हणाला. "म्या काय, घरचाच."

त्याची बायको मनकर्णा मागून बोलली, "पिराच्या कामाला न्हाई म्हनू नगा. तुमचा आजा त्याच्याच पुण्याईनं जगला." त्यानं तिलाही गप्प केलं.

निजामाच्या कचेरीत सगळं कामकाज उर्दूत. मी साक्ष दिली, तर हा दर्ग्याला तेल विकतो, त्यांचंच बोलणार, म्हणून ती बाजूला पडली. कचेरीची पायरी चढायला गावातलं दुसरं कुणी तयार झालं नाही. मग मदारसाब उभा राहिला. कुराणावर हात ठेवल्यावर बेगसाहेबांच्या वकिलानं विचारलं, तीन उरूस पहिला गलेफ कुणाचा?

"बेगसाहेबांचा. पण त्याच्या आधी..."

"विचारलं तेवढंच सांगा. पहिला गलेफ जमीनवाल्याचाच असतो, ही गावची रीत आहे ना?"

"आहे," मदारसाब म्हणाला.

मुन्सफानं जमीनवाला म्हणजे मालक असं धरून लिहून घेतलं. खोटं बोलणं मदारसाबला जमणार नव्हतं, आणि खरं पुरतं बोलायला कुणी वेळ दिला नाही. निकाल लागला: मजार, ओटा आणि पायऱ्या दर्ग्याच्या, रान बेगसाहेबांचं. पेरणीआधी त्यांचा नांगर पायरीला घासून फिरला.

त्या वर्षीच्या उरुसाला बेगसाहेब आले नाहीत. आता त्यांना गलेफ कशाला हवा होता? लोबान पेटवून मदारसाब दारात बसून राहिला. आम्ही गावची माणसं खाली उभी. अंधार पडता पडता मुंजाजी आला, डोक्यावर तोच माघारी नेलेला गलेफ. हलगी नव्हती.

मदारसाबनं तो दोन्ही हातांनी उतरवून घेतला. "तुजा मान तुला मिळाला, मुंजाजी. पर तुज्या पणज्यानं दिलेलं रान म्या घालवलं."

"एकट्यानं न्हाई," मुंजाजी म्हणाला. तो पायरीवर बसला आणि सगळ्यांसमोर रडला. मला त्या दोघांना धरून हलवावंसं वाटत होतं. रडूही येत होतं.

थंडीत मदारसाब गेला. उरूस झाल्यावर त्यानं अंथरूण धरलं होतं. मुजावराच्या घरचे सगळे पिराच्या रानात लिंबाखाली पुरलेले. दुसरं कबरस्तान गावात नव्हतंच. खड्डा खणायला गेलेल्यांना बेगसाहेबांच्या कारभाऱ्यानं बांधावरच अडवलं. इथं आता पऱ्हाटी आहे, म्हणाला. मदारसाबची बायको हुरमतबी मयतापाशी बसून नुसती विचारत होती, "मग ह्यांना ठेवायचं कुटं?"

मुंजाजीनं कुणाला काही विचारलं नाही. आपल्या शेताचा बांधालगतचा तुकडा, उभी ज्वारी कापून, त्यानं मोकळा केला. झरीहून चार माणसं नमाजाला आली. माती दिल्यावर मुंजाजीनं ओंजळीत पाणी घेतलं, पणज्यासारखं जमिनीवर सोडलं, आणि मला म्हणाला, "आप्पा, उद्या माज्यासंगं पटवाऱ्याकडं चला. हे लिवून घ्यायचं हाय."