आईच्या लहानपणीच्या हाकेसाठी: जळगाव, धुळे, सोनगीर

आईला विसरण्याचा आजार होऊन तीन वर्षं झाली. दिवाळीनंतर ती ‘सुनंदा’ या हाकेला ओ देईनाशी झाली. ते सासरचं नाव. माहेरचं, शाळेतलं मंगला, त्यालाही नाही. लहानपणी घरात तिला वेगळंच काही म्हणत असणार. ते सांगणारं पुण्यात कोणी उरलं नव्हतं. म्हणून निघाले. मी कलाकार आहे; कापड, आवाज आणि चित्रफिती घेऊन काम करते. गाव सोडलेल्या बायकांवर प्रदर्शन करतेय. लोकांना तेच कारण सांगितलं.

सकाळी जळगावला उतरले. मावसभावाने भरीत-पुरी खायला घातली. खान्देशात यायचं तर थंडीत. भरिताची वांगी तेव्हाच.

“ताई, ओळख-ओळख करत जगभर फिरतेस,” तो म्हणाला, “आणि आईचं नाव विचारायला माझ्याकडे?”

तो हसला. त्यालाही माहीत नव्हतं. त्याने सोनगीरच्या जिजाअक्कांचा पत्ता दिला. आईची लहानपणची मैत्रीण.

जळगावहून धुळ्याची एसटी पारोळ्यावरून जाते. अडीच-तीन तास, बायकांना निम्मं तिकीट. दोन्हीकडे वेचून झालेली कपाशी. मुक्काम धुळ्यात करावा. तिथून सोनगीर महामार्गावर, अर्ध्या तासावर. गावच्या किल्ल्यावर सावली नाही, पाणी सोबत न्या. मी चढले नाही.

जिजाअक्का ओट्यावर लसूण सोलत होत्या. मी कोण ते सांगितलं.

“तिले कसाले नई लई उनी?” आईला का नाही आणलंस?

“प्रवास झेपत नाही, अक्का.”

“मनी याद करस का ती?” माझी आठवण काढते का?

“करते,” मी म्हणाले. खोटं.

मग मी नाव विचारलं.

“टिटवी! बठ्ठा टिटवी म्हनेत. तोंड बंदच व्हये ना तिनं.” सगळेच म्हणायचे; तोंड मिटायचंच नाही तिचं.

मला माहीत असलेली आई बोलत नसे. लग्नानंतर पुण्यात शेजारणी तिच्या अहिराणी ‘शे’ला, म्हणजे ‘आहे’ला, हसल्या, एवढं तिने एकदाच सांगितलं होतं. अक्कांनी लसूण बाजूला ठेवला आणि रस्त्यापलीकडे, जिथे आईचं घर होतं आणि आता मोबाइलचं दुकान आहे तिकडे तोंड करून हाक मारली: “टिटवी वं!” दुकानदाराने वर पाहिलं. रेकॉर्डर चालू होता.

पुण्याला घरी पोचले तेव्हा आई खिडकीशी बसली होती. मी रेकॉर्डर काढला नाही. स्वतःच म्हणाले, “टिटवी.”

“ओ,” आई म्हणाली. वळली. कितीतरी दिवसांनी तिने माझ्याकडे नीट पाहिलं.

“तुमी कोन शेतस?”

“तुझी मुलगी.”

ती लाजून हसली. “मनं आखो लगीन नई व्हयनं.” माझं अजून लग्न नाही झालं.

प्रदर्शनातून ती हाक मी काढून टाकली. घरात मात्र दिवसातून एकदा मारते. आई ओ देते, बोलत सुटते. तेवढा वेळ मी तिची कोणी नसते. समोर बसून ऐकते.