चार नंबरची पोच

इथले भुताखेतांचे अनुभव मी बरीच वर्षं वाचतो आहे आणि खरं सांगायचं तर बहुतेक वेळा हसण्यासाठी. पिंपळाखालची बाई, रस्त्यात लिफ्ट मागणारा माणूस, कुणाच्या तरी मामेभावाला आलेला ताप... माझा धंदाच असा होता की कारण नाही असं काही नसतंच. कॉम्प्युटर अडला तर कुठेतरी वायर निघालेली असते, नाहीतर व्हायरस असतो, नाहीतर समोर बसलेल्या माणसाची चूक असते.

या गोष्टीत माणसाची चूक आहे आणि ती माझी आहे. ती आधी सांगतो. जे कळलं नाही ते त्यानंतर.

शहराचं नाव तेव्हा औरंगाबाद होतं. गारखेड्यात एका तीन मजली सोसायटीच्या तळमजल्यावर माझा नेट कॅफे होता. प्लायवुडचे सहा कप्पे, सहा कॉम्प्युटर, आणि काउंटरवर माझा ‘मेन’. इंटरनेटची वायर फक्त मेनला. बाकीचे सहा त्याच्यातून नेट घ्यायचे. बाहेरच्या जगाला आमचं सगळं दुकान एकच कॉम्प्युटर दिसायचं.

हे काम विंडोजच्या पोटातली एक फाइल करते. तिचं नाव ipnathlp.dll. सोसायटीच्या गेटवरच्या वॉचमनसारखं तिचं काम. आतल्या कुणी बाहेरून काय मागवलं, ते ती लिहून ठेवते. उत्तर गेटवर आलं की नोंद बघून ज्याचं त्याला पोचवते. न मागितलेलं काही आत येऊ देत नाही. आणि ती नोंदवही फाटली, तर आलेलं उत्तर गेटवरूनच परत जातं. कारण ते कुणाचं, हे सांगणारं कुणी उरत नाही.

एवढं लक्षात ठेवा, बाकी तांत्रिक काही नाही.

ती दुष्काळाची वर्षं होती. आमच्या बाजूला रोज एक नवी बिल्डिंग उभी राहायची, आणि नळाला मात्र आठ-आठ दिवस पाणी नाही. सोसायटीनं टँकर लावला होता. घर असो की दुकान, ज्याची त्या दिवशीची पाळी, त्यानं हौदाचं झाकण उघडून उभं राहायचं. झाकणाजवळ माणूस दिसला नाही की ड्रायव्हर थांबायचाच नाही, सरळ पुढच्या बिल्डिंगला. मग दोन दिवस सगळ्या सोसायटीच्या शिव्या खायच्या.

त्या दिवशी पाळी माझी होती.

आणि त्याच दिवशी लासूर स्टेशनहून सुरेखाताई आल्या होत्या. पस्तिशीच्या आसपासच्या. नर्सिंगचा कोर्स केलेला, एका खाजगी दवाखान्यात कामाला. नवरा मोंढ्यात धान्य मोजायला. आरोग्यसेविकेच्या भरतीचा ऑनलाइन फॉर्म भरायचा होता, आणि शेवटची तारीख होती. पुढची जाहिरात निघेपर्यंत त्यांचं वय बसणार नव्हतं. हे त्यांनी आल्याआल्याच सांगितलं होतं.

“सर, हा शेवटचाच बरं का. नीट बघा जरा. लासूरच्या कॅफेत लाइटच नाय.”

“बसा ताई, चार नंबरला. अडलं की आवाज द्या.”

दोन दिवसांपासून मेनवर अँटीव्हायरसची खिडकी येत होती. तीच वॉचमनची फाइल बिघडली होती. मी शहागंजमधल्या सलीमभाईकडून चांगली कॉपी आणून टाकलेली. फक्त मेन एकदा बंद करून चालू करायचा राहिला होता. टँकरचा हॉर्न वाजला. दुकान मला रिकामं वाटलं. मनात आलं, पाणी भरेपर्यंत हेही उरकेल. रिस्टार्ट दाबलं आणि झाकणाची चावी घेऊन हौदाकडे पळालो.

पार्टिशनच्या मागे चार नंबरला त्या बसल्यात, हे मी विसरलो.

ओल्या पँटनं परत आलो तर त्या ताठ बसलेल्या. पडदा पांढरा. कोपऱ्यात ते चक्र फिरतंय.

“सर, सबमिट दाबलं. चार वाजून वीस झाले होते. तवापासून गोलगोलच फिरायलंय.”

त्याच क्षणी मला कळलं. मागणी बाहेर गेली असेल-नसेल, पण मी नोंदवही फाडली होती. पुन्हा लॉगिन करून बघायला हवं होतं. साइट मुंगीच्या पावलानं चालत होती, त्यांना मनमाडकडची गाडी गाठायची होती, आणि मला... मला माझी चूक सांगायची नव्हती. एवढंच.

मी म्हणालो, “फिरतंय म्हणजे गेलाच ताई. प्रिंट मी उद्या काढून ठेवतो. तुम्ही निघा, गाडी चुकेल.”

त्यांनी हात जोडले. मला. आणि गेल्या.

रात्री आठला साइट उघडून त्यांचा नोंदणी क्रमांक टाकून बघितला. फॉर्म गेलेला नव्हता. त्यांचा पासवर्ड त्यांच्याकडे होता, त्यांचा मोबाइल माझ्याकडे लिहिलेला होता, शेवटच्या तारखेचे चार तास शिल्लक होते. फोन लावता आला असता. लावला तर काय झालं हे सांगावं लागलं असतं. मी शटर ओढलं.

आठवड्यानं त्या प्रिंट न्यायला आल्या, तेव्हा मी म्हणालो, “सर्व्हरनं खाल्ला ताई तुमचा फॉर्म. किंवा सबमिट नीट दाबलं गेलं नसेल.” हे दुसरं वाक्य मी का जोडलं, देव जाणे. त्यांनी प्लास्टिकच्या पिशवीत सगळी सर्टिफिकेटं परत एकेक करून ठेवली आणि निघून गेल्या.

इथून पुढचं मला कळलेलं नाही.

दोन महिन्यांनी लाइटच्या झटक्यानं चार नंबरचा मदरबोर्ड जळाला. डबा भंगारात दिला. त्यातलं नेटवर्क कार्ड तेवढं काढून काउंटरच्या ड्रॉवरमध्ये टाकलं. प्रत्येक कार्डाला कंपनीनं दिलेला एक नंबर असतो, जगात दुसऱ्या कुठल्या कार्डाला नसलेला. सहाही नंबर माझ्या वहीत लिहिलेले होते. चार नंबरची वायर कप्प्यात नुसती लोंबकळत होती.

मेनवर मी एक छोटं सॉफ्टवेअर ठेवलं होतं; कुठला कॉम्प्युटर बाहेर काय मागतोय, त्याची यादी दाखवणारं. एका दुपारी सहज बघितलं तर यादीत चार नंबरची ओळ.

मागणी: त्या भरतीच्या साइटकडे. गेलेले पॅकेट, म्हणजे निरोप: एक. आलेले: शून्य. वेळ: चार वाजून वीस.

जुनी नोंद अडकली असेल म्हणून यादी पुसली. दुसऱ्या दिवशी चार वीसला ओळ परत. कुणीतरी खोडसाळपणा करत असेल म्हणून पाचही कॉम्प्युटर बंद करून, त्यांच्या वायरी उपटून बसलो. चार वीसला ओळ आलीच. वायफाय आमच्याकडे नव्हतं. मग कार्डाचा नंबर पडताळला. वहीतला चारचाच. ड्रॉवर उघडला. कार्ड तिथंच होतं, रबरबँड आणि पेनांच्या टोपणांमध्ये.

सलीमभाईला बोलावलं. वीस वर्षं हार्डवेअरमध्ये मुरलेला माणूस. त्यानं सगळं ऐकून घेतलं आणि हसला.

“क्या मियाँ, शहर में पीने कू पानी नहीं, और तेरेकू भूतां सुज रे?”

“तू बघ तर खरं.”

त्यानं ती फाइल काढून मूळ सीडीवरून नवी टाकली. ओळ आली. सगळं विंडोज पुसून नव्यानं टाकलं. ओळ आली. चिडून त्यानं मेनची हार्डडिस्कच बदलली. दुसऱ्या दिवशी चार वीसला आम्ही दोघं पडद्यासमोर बसलो होतो. गेलेले एक. आलेले शून्य.

तो हसला नाही. स्क्रू-ड्रायव्हर पिशवीत टाकत म्हणाला, “ये फाइल का काम नहीं है, भाई. तेरा कुछ बाकी है क्या इस साइट पे?”

मी नाही म्हणालो.

त्यानंतर माझं बसणं-उठणं बिघडलं. दुपारी तीनपासून घड्याळाकडे नजर. चारला दुकानाबाहेर जाऊन उभा राहायचो, चार एकोणीसला आत धावायचो. एकदा मुद्दाम दुकान बंद ठेवून सिडकोत मेहुण्याकडे गेलो, तर तिथं चार वीसला हातातला चहा बशीत सांडला. जेवण जाईना. बायको, वैशाली, सुरुवातीला तिच्या भावाला सांगत होती, यांना डॉक्टरकडे ने म्हणून. शेवटी मी तिला सगळं सांगितलं. ओळीचं, आणि टँकरचंही.

ती म्हणाली, “सलीमभाई झाले, हार्डडिस्क झाली. आता काय कॅफेची वास्तुशांत करणार का? अहो, तुम्ही भूत शोधताय की त्या बाईला टाळताय?”

दुसऱ्या सकाळी मी लासूरची गाडी पकडली.

मोंढ्याच्या मागं दोन खोल्यांचं घर. दाराशी रिकामे ड्रम ओळीनं लावलेले. सुरेखाताई ड्युटीवर जायच्या तयारीत होत्या. मला बघून त्यांचा चेहरा आधी उजळला. प्रिंट सापडली, असं वाटलं असणार त्यांना. ते मी अजून विसरलेलो नाही.

उभ्याउभ्याच सांगितलं. रिस्टार्ट मी केलं. मला त्याच वेळी कळलं होतं. रात्री आठला वेळ होता, तरी फोन केला नाही.

ओढणीची पिन लावत होत्या, ती तशीच हातात राहिली.

“सहा महिने झाले सर. सहा महिने हे मला म्हणत्यात, तुला एक बटण दाबता येईना. सासूबाई आल्या-गेलेल्याला सांगत्यात. मला बी तेच वाटायलं होतं. रात्री उठून उठून आठवायची, बोट नीट पडलं होतं का नाय...”

“ताई, माझं—”

“मला नका सांगू. आत या. ह्यांना सांगा.”

आत त्यांचे पती जेवायला बसले होते, आणि सासूबाई गहू निवडत होत्या. मला पुन्हा पहिल्यापासून सांगावं लागलं. मध्येच आवाज खाली गेला तर सुरेखाताई म्हणाल्या, “मोठ्यानं, सर. आईंना कमी ऐकू येतं.”

सांगून झालं. पतींनी ताट बाजूला सारलं. मला वाटलं आता हात उचलणार. ते बायकोकडं न बघता म्हणाले, “मग तू बोलली का नाय कवा?”

“बोलले होते. तुम्ही म्हणले, मशीन कसं चुकंल.”

निघताना वाटलं, सुटलो. पण दुसऱ्या दिवशी चार वीसला ओळ आली. गेलेले एक, आलेले शून्य. मी अक्षरशः टेबलावर मूठ आपटली. आणि मग स्वतःचीच लाज वाटली. मी लासूरला त्या बाईसाठी गेलो होतो, की ही ओळ पुसायला?

तीन दिवसांनी सुरेखाताईंचा फोन आला. “सर, जे घरी बोललात, ते कागदावर द्याल का? दुकानाच्या लेटरहेडवर, शिक्क्यासकट. भरतीच्या हापिसात देते.”

खरं सांगतो, नकोच वाटलं. शिक्का मारून लिहून देणं म्हणजे दुकानावर काहीही येऊ शकत होतं. तासभर कोऱ्या लेटरहेडसमोर बसलो. मग लिहिलं, सगळं, टँकरसकट. फॉर्म न जाण्यात अर्जदाराची काहीही चूक नाही, हे वाक्य दोनदा लिहिलं गेलं. तसंच राहू दिलं.

सोमवारी त्या दुकानात येऊन कागद घेऊन गेल्या, आणि परस्पर भरतीच्या ऑफिसला निघाल्या. मी काउंटरला. चार वाजले. चार दहा. चार वीस.

ओळ आली. गेलेले एक.

आलेले: एक.

मी चष्मा पुसून परत बघितलं. एक. बाहेरून उत्तर आलं होतं, आणि माझ्या मेननं ते आत पोचवलं होतं... चार नंबरला. लोंबकळत्या वायरीला. ड्रॉवरमधल्या कार्डाला. कुणाला, ते मला माहीत नाही. बघता बघता ओळ यादीतून गेली.

पाच मिनिटांनी फोन वाजला.

“सर, घेतला बरं का कागद. मॅडम आधी नायच म्हणत होत्या. मग वाचला त्यांनी सगळा. पोच दिली मला, शिक्का मारून.”

“किती वाजता ताई?”

“आत्ताच. का हो?”

मग मी त्यांना त्या ओळीचंही सांगितलं. सलीमभाई आणि वैशाली सोडून कुणाला सांगावं असं वाटलं नव्हतं, त्यांना सांगावंसं वाटलं. पलीकडे रस्त्याचा आवाज, रिक्षांचे हॉर्न. मला वाटलं त्या घाबरतील, किंवा हसतील.

“म्हणजे रोज कुणीतरी माझा फॉर्म गेला का म्हणून विचारत होतं.”

“हो ताई.”

“बरं झालं बाई,” त्या म्हणाल्या. “तुम्ही तर विचारलंच नव्हतं.”

त्या भरतीत त्यांना घेतलं नाही. मुदत संपली होती, तसं लेखी उत्तर आलं. त्या अजून त्याच खाजगी दवाखान्यात आहेत. ती पोच मात्र त्यांनी घरात, सर्टिफिकेटांच्या शेजारी फ्रेम करून लावली आहे, असं मागं त्यांच्या पतींनीच मला सांगितलं.

कॅफे बंद होऊन आता बरीच वर्षं झाली. ती ओळ परत कधी आली नाही. त्या सोमवारी बाहेरून काय उत्तर आलं, आणि ते आत कुणी घेतलं, हे मला आजही सांगता येत नाही. कार्ड अजून माझ्या घरच्या ड्रॉवरमध्ये आहे. वैशाली म्हणते, टाकून द्या. मला ते टाकवत नाही. जे मी विचारायला पाहिजे होतं, ते त्यानं माझ्या जागी रोज विचारलं.