साडेअकरा ते पाऊण

माझी आत्या वेळनवीस होती. शहराच्या प्रत्येक भागात तेव्हा एक वेळनवीस असायचा. रस्त्याकडे तोंड केलेली पहिल्या मजल्यावरची खोली, मोठी खिडकी, टेबल आणि जाडजूड वही. दर पाव तासाला एक ओळ लिहायची. डाव्या रकान्यात रस्त्यावर काय घडलं ते, उजव्या रकान्यात वेळ कशी गेली ते: सैल, ताणलेली, अडलेली, पळती. संध्याकाळी लोक आपापल्या वेळेचा उलगडा विचारायला यायचे. एकदा एक निवृत्त मास्तर आले आणि म्हणाले, "अहो, माझे मंगळवार सापडत नाहीत." आत्याने चार महिन्यांची पानं चाळली. म्हणाली, "मंगळवारी तुमचे मित्र समोरून यायचे. आता येत नाहीत. मंगळवार जागेवर आहेत मास्तर, माणूस नाही." मास्तर उठले आणि पुढच्या मंगळवारी स्वतःच मित्राच्या घरी जाऊन बसले.

घरात तिला सगळे भिंगरी म्हणत. जेवताना चारदा उठायची, बोलता बोलता दारापर्यंत जाऊन यायची. अशा बाईला खुर्चीत बसायची नोकरी! बाबा म्हणायचे, "हिची खुर्ची आधी जमिनीत पुरायला हवी होती." तरी तिने बावीस वर्षं काढली. लग्न केलं नाही, आमच्याकडेच राहिली.

मी नुकतीच नोकरीला लागले होते. घरी जाताना तिला सोबत घ्यायचे. एका संध्याकाळी पोचले तर तिच्यासमोर एक बाई बसली होती. चाळिशीची असेल. पिशवीतून तिने घडी घातलेला कागद काढला. आत्याच्या वहीच्या एका पानाची झेरॉक्स होती, कोर्टाचा शिक्का मारलेली.

"माझे मालक कुलपं दुरुस्त करतात," बाई म्हणाली. "करायचे. गोदामाचं कुलूप त्यांनी उघडलं म्हणून आत आहेत. आठ महिने झाले. ते म्हणतात, त्या वेळी मी तुमच्या खिडकीखालीच बसलो होतो, शिंप्याच्या दुकानाची किल्ली घासत. शिंप्याला नीट आठवत नाही. मग कोर्टाने तुमची वही मागवली."

जुन्या वह्या दर महिन्याला मुख्य कचेरीत जात. त्यातलं पान कोण मागवतं, ते नवीसाला कळत नसे. आत्याने कागद घेतला. साडेअकरा ते पाऊण, पाच ओळी. पाचही ओळींत एकच मजकूर, तिच्याच अक्षरात: रस्ता रिकामा. वेळ सैल.

"तुम्हाला खटला लढायला नाही सांगत मी," बाई म्हणाली. "तुम्ही उलगडा करता ना? मग एवढंच सांगा. ते माझ्याशी खोटं बोलतात का?"

आत्याचा पाय टेबलाखाली हलायला लागला. "आठ दिवसांनी या ताई," ती म्हणाली.

रस्त्यात ती इतकी भराभर चालली की मला धाप लागली. पुलावर एकदम थांबली. "त्या दिवशी मी खोलीत नव्हते गं," म्हणाली. "सकाळपासून अंगात मुंग्या. कुलूप लावलं आणि कालव्याच्या कडेने चालत सुटले. कारण काही नाही. परत आले आणि दुपारी रस्ता जसा असतो तसा लिहून टाकला."

ते आठ दिवस घराने काढले कसे, विचारू नका. आत्या बसेना, जेवेना. कपाट लावायची, पुन्हा रिकामं करायची. दोनदा शिंप्याकडे जाऊन आली. तो म्हणाला, "बाई, किल्ली करून घेतली हे खरं. पण तो बुधवार होता की गुरुवार, देव जाणे."

बाबा चिडले. "तो तिथे होता असं तू छातीठोक सांगू शकतेस?"

"नाही."

"मग काय सांगणार?"

"मी तिथे नव्हते, एवढंच."

"आणि त्या पाच ओळींपायी बावीस वर्षांवर पाणी सोडणार?"

आत्या खिडकीपाशी गेली, परत आली. "पाच कुठे दादा? आठवून पाहिलं. एकोणीस वेळा उठून गेले आहे मी."



मुख्य कचेरीतले बडे नवीस मवाळ माणूस. त्यांनी तिला चहा दिला, दार लावून घेतलं. "लेखी देऊ नका," म्हणाले. "तब्येतीचं कारण काढा, बदली करून देतो. एकदा वही खोटी ठरली की कोण विचारतो आपल्याला?" आत्याने चहा तसाच ठेवला आणि अर्ज टेबलावर सरकवला. एकोणीस तारखा, वेळांसकट. जिथे वेळ नक्की आठवत नव्हती तिथे तसंही लिहिलेलं. आठव्या दिवशी ती बाई आली, तेव्हा आत्याने उलगड्याऐवजी त्याच अर्जाची नक्कल तिच्या हातात ठेवली.

आठवड्याच्या आत तिची नोकरी गेली. कुलूपवाल्याचा खटला पुन्हा उभा राहिला. वहीशिवाय त्याच्याविरुद्ध धड पुरावाच नव्हता, तरी सुटायला आणखी पाच महिने गेले.

तो सुटल्यावर त्याची बायको आमच्या घरी आली. मला वाटलं होतं, आभार मानायला आली असेल. ती दारातच उभी राहिली.

"ते घरी आलेत," म्हणाली. "कोपऱ्यात बसून असतात. कानस हातात घेतात आणि परत खाली ठेवतात. तेरा महिने गेले आमचे."

"माझ्यामुळे," आत्या म्हणाली.

"हो, तुमच्यामुळेच." ती पुढे म्हणाली, "आणि मी विचारलेलं राहिलंच. ते होते का तिथे?"

"मला माहीत नाही ताई. कधीच कळणार नाही मला."

बाई तिच्याकडे बघत राहिली. आत्या पहिल्यांदाच जागची हलली नाही. मग बाई म्हणाली, "निदान हे तरी मोजून मापून सांगितलंत," आणि जिना उतरून गेली. त्यात टोमणा किती आणि समाधान किती, त्यावर आम्ही घरात अजून वाद घालतो.

उरलेल्या अठरा तारखांचे लोकही आले. एकाला भावाशी भांडणाची वेळ हवी होती, एकीला मुलगी घरातून निघाली ती. आत्याने एकालाही टाळलं नाही. उत्तर ऐकून काहींनी शिव्या दिल्या.

आता ती घरोघरी फिरून विजेचे मीटर वाचते. दिवसाला शंभर जिने. परवा फेरीवर असताना भेटली तेव्हा भर रस्त्यात म्हणाली, "चालताना बरं वाटतं. थांबले की तो कानशीचा आवाज ऐकू येतो. मी तो कधी ऐकला नव्हता, तरी येतो." आणि मी काही म्हणायच्या आत समोरच्या इमारतीत शिरली.