मावशीला गोरी करू नका

समस्त वाचकांस अत्यंत जड अंतःकरणाने कळविण्यात येते की, विलायतेतल्या एजवेअरमधले एकमेव जपानी चित्रपटगृह कायमचे बंद झाले आहे. आसनक्षमता पाच. मालकीणबाई, म्हणजे माझी कुमुदमावशी, सहा आठवड्यांपूर्वी गेली.

मावशी इथल्या हॉस्पिटलात तीस वर्षं नर्स होती. रिटायर झाल्यावर दर रविवारी दुपारी आपल्या फ्रंट रूममध्ये जुने जपानी सिनेमे लावायची. तिचे यजमान भाऊकाका कोपऱ्यात घोरायचे, आणि पडद्यावर बाई आली रे आली की मावशी रिमोट उगारून ओरडायची, "थांब!" भुवया भादरलेली, दात काळे केलेली लग्न झालेली नायिका पहिल्यांदा दिसली तेव्हा तर तिनं टाळ्याच पिटल्या. "अरे, ही तर माझी आजी! दातवण लावून काळेभोर दात... तेव्हा तीच शोभा!" पुढच्या सिनेमात नायिका आखूड केस, लिपस्टिक अशा थाटात नोकरीला निघालेली. "बघ, दात पांढरे झाले, पण तोंडावरची पावडर तीच. नोकरी करते, तरी सावळं दिसायची परवानगी नाही बिचारीला!" मावशी खदखदून हसायची. पण सावळी म्हणून तिला स्वतःला तीन स्थळांनी नाकारलं होतं. म्हणूनच नात रियाला तिनं बजावलं होतं, "इथे माणूस गेल्यावरही मेकअप करतात. मला गोरी करून पाठवू नका हं."

आता माझा गुन्हा. फ्युनरलवाल्यांनी नमुन्याला फोटो मागितला, मी गणपतीतला, मस्त हसरा, पाठवून दिला. फोनचा ब्यूटी फिल्टर चालू होता हे... माझ्या गावीही नव्हतं! शेवटच्या दर्शनाला गेलो, तर पेटीत गुलाबी गालांची एक गोरीपान बाई. अठ्ठ्याऐंशी वर्षांचे, कानानं अधू भाऊकाका दारातच थबकले. "चुकीच्या खोलीत आणलंस रे."

"काका, मी आजीला प्रॉमिस केलं होतं," रिया रडवेली होऊन मला म्हणाली. मग तिनं नाक पुसलं, तिथल्या बाईंना विचारलं, पर्समधून वेट वाइप्स काढले आणि हलक्या हातानं एकेक गाल पुसायला लागली. वाइप्स गुलाबी होत गेले, खालून मावशी वर येत गेली... हनुवटीवरच्या तिळासकट.

काठी टेकत भाऊकाका पुढे आले. वाकून नीट न्याहाळलं, आणि त्या कुजबुजत्या खोलीत खणखणीत आवाजात म्हणाले, "हां! हिच्याशी केलं होतं मी लग्न!"