वापस आणि वापसा

सूनबाईनं आज ट्रॅक्टर पुसलेलं फडकं धुवायला टाकलं, अन् त्या डिझेलच्या वासासरशी मी पार अंबडकडच्या जुन्या शेतात जाऊन पोचले बघा.

पेरणीच्या ऐन वेळी ट्रॅक्टर बंद पडल्ता. रहीमभाई मिस्त्री नोझलवरची बारीक नळी काढायच्या घाईत होते. उरलेलं डिझेल टाकीत परत नेते ना, ती नळी. तिचं दुसरं टोक त्यांनी डब्यात सोडलं अन् मला तिथं उभं केलं. इंजिनावर वाकूनच त्यांनी इचारलं, "भाभी, वापस आ रा क्या?"

मला वाटलं, वापसा आला का इचारतेत, म्हंजे पेरायजोगी ओल. मी मूठभर माती दाबून पाह्यली. "आला की! बराबर आला!"

रहीमभाई पाना ठेवून बसूनच राह्यले. मला काई उमजंना. वापसा आल्यावर माणूस असा बसतो व्हय?

बऱ्याच वेळानं म्हणाले, "अब भी?"

"अब भी म्हंजे? उन्हानं उडून जाईल, जल्दी करा!"

"डिझल कसं उडंल, भाभी?"

मंग दोघंबी हसलो. डब्यात तर कवापासून काईच पडत नव्हतं, अन् डिझल वापस यायचं थांबंल मंग नळी खोलू म्हणून ते वाट बघत बसल्ते. हसता हसता त्यांनी सायलेन्सरला बोट लावलं अन् म्हणाले, "अब थंडा हुआ. मघाशी खोललं असतं तर तापलेल्या सायलेन्सरवर डिझल सांडून भडकाच झाला असता."

आता तुमीच सांगा, मी चुकले का बराबर बोलले? फडकं हातात धरून बसले, तरी मला अजून कळून न्हाई राह्यलं.