मुलाणी भाऊसाहेबांना दिलेली नोटीस

आता काय लपवायचं तुमच्यापासून! असा पचका माझा जन्मात झाला नव्हता, आणि तो मी स्वतः टाईप करवून नेला होता. तीन प्रतींत!

आबा, म्हणजे माझे वडील, कालव्यावर निरीक्षक होते. रिटायर होऊन सव्वा वर्ष झालं, तरी पेन्शनचा पत्ता नाही. आईचं मोतीबिंदूचं ऑपरेशन दोनदा पुढं ढकललेलं. आबा दर सोमवारी सणसरहून एसटीनं इंदापूरच्या ऑफिसात जायचे आणि संध्याकाळी येऊन म्हणायचे, "व्हईल. सर्व्हिस बुकाची पानं गहाळ हायत. मानूस काम करतोय."

हे 'व्हईल' ऐकलं की माझं डोकं फिरतं! आमच्या वडीलधाऱ्यांना भांडायची एवढी लाज का वाटते हो?

मी तेव्हा पुण्यात लॉच्या दुसऱ्या वर्षाला. सुट्टीत घरी आले आणि बारामतीला कोर्टाबाहेरच्या टायपिस्टकडून नोटीस करून घेतली. दिवाणी प्रक्रिया संहिता, कलम ८०! दोन महिन्यांत पेन्शन द्या, नाहीतर बारामतीच्या कोर्टात खेचते, व्याजासकट.

सोमवारी आबांबरोबर मीही गेले. टेबलाशी पांढऱ्या दाढीचे एक गृहस्थ रजिस्टरात डोकं खुपसून बसले होते.

"या आबा, बसा. ह्या ताई कोन?"

"आबांच्या पेन्शनचं तुम्हीच बघता ना?" मी उभ्या उभ्याच.

"व्हय, मीच बघतोय."

झालं! सुटलेच मी.

"सव्वा वर्ष बघताय! काय बघताय?"

"अगं, ऐक तर, ते…" आबा.

"आबा, मधे बोलू नका. तुमच्या बोलण्यानं आजवर काय झालं?"

"अगं पन मुलाणी भाऊसाहेब…"

"भाऊसाहेब, भाऊसाहेब करूनच डोक्यावर बसवलंय यांना! पगार घेताना उशीर चालतो का हो तुम्हाला?"

सगळं ऑफिस थांबलं. पंख्याखालचा शिपाईसुद्धा जागा झाला. मला काय, जोरच चढला! नोटीस टेबलावर आपटली. "व्यक्तिशः प्रतिवादी करीन तुम्हाला. व्याज तुमच्या पेन्शनमधून कापायला लावीन!"

त्यांनी चष्मा पुसला, नोटीस पहिल्यापासून शेवटपर्यंत वाचली.

"मजकूर झ्याक हाय, ताई. कापा की. पन आदी ते सुरू व्हाया पायजे."

"म्हणजे?"

आबांनी कपाळाला हात लावला. "अगं, ते माझ्या आदी सहा म्हयनं रिटायर झाल्यात! त्यांचंबी पेन्शन न्हाय अजून. जुनी दप्तरं हितं दुसऱ्या कुनाला उमगत न्हाईत, म्हनून सोमवारी येऊन बसत्यात. माझ्या गहाळ नोंदी जुन्या पगारपत्रकांवरनं हातानं उतरवत्यात. फुकट!"

"मग हे आधी नाही का सांगायचं?"

"तू बोलू दिलंस व्हय?"

टेबलाखाली शिरावंसं वाटलं, पण तिथंही दप्तरांचे गठ्ठे होते.

भाऊसाहेब मात्र अजिबात चिडले नाहीत. चिडले असते तर बरं झालं असतं! हळूच म्हणाले, "ताई, आनि एक, राग मानू नका. सरकारी नोकरीचं भांडान आता दिवाणी कोर्टात चालत न्हाय. त्यासाठी मुंबईला न्यायाधिकरण हाय. पन तुमचा हात लिवता हाय. तितं माझाबी अर्ज कराल का?"

दिवाणी संहिता आम्हाला तिसऱ्या वर्षाला होती हो! मी नुसती मान डोलावली. वर चहा आला. त्यांनीच सांगितलेला.

दोन महिन्यांत आबांचं पेन्शन सुरू झालं. नोटिशीनं नाही, भाऊसाहेबांनी उतरवलेल्या पानांनी. आईचं ऑपरेशनही झालं, तिला आता सगळं स्पष्ट दिसतं. माझ्याकडे बघून हसते ते त्यामुळेच.

भाऊसाहेबांचा अर्ज मी केला. तो मुंबईहून दोनदा परत आला. दोन्ही वेळा त्रुटी माझ्याच! आता तिसऱ्यांदा पाठवलाय.

परवा इंदापूरच्या स्टँडवर भाऊसाहेब भेटले. तेवढ्याच मायेनं विचारलं, "काय ताई, आमचं कुठवर आलं?"

मी चपलांकडे बघत म्हणाले, "भाऊसाहेब, प्रक्रिया चालू आहे."