साहेबांनी कापसात हात घातला

आमच्या भागातले एक जिनिंगवाले शेठ आमदार झाले आणि पुढे मंत्रीही झाले. पूर्णेपासून देवगाव फाट्यापर्यंत त्यांचे हात जोडलेले फलक लागले. त्या हातांची आमची ओळख जुनी. कापसाची गाडी जिनिंगवर गेली की शेठ स्वतः यायचे, कोपरापर्यंत हात आत खुपसायचे, तळातली मूठ काढायचे, सरकी दाताखाली फोडायचे आणि तोंड वाकडं करून म्हणायचे, ओल हाय. मग भावात कटती. कापूस भर उन्हाळ्यात नेला तरी ओल असायचीच. कुणाचा माल चांगला आहे असं शेठच्या तोंडून मी कधी ऐकलं नाही.

हेच शेठ निवडणुकीत कटती बंद करतो म्हणत गावोगाव फिरले आणि आम्ही टाळ्या वाजवल्या. कटती करतो कोण, हे विचारायचं कुणाच्या डोक्यातच आलं नाही. टाळ्यांत सगळ्यात पुढे आमचे दादा, माझे थोरले भाऊ. दादांना एकच वेड, माल चोख पाहिजे. दव सुकल्याशिवाय ते बायांना वेचणीला वावरात पाऊल टाकू देत नसत. कापूस बघावा तर यांचा, असं आसपासची गावं म्हणायची. एवढ्या एका गोष्टीचा त्यांना गर्व होता, आणि मला तो रास्तच वाटायचा.

गेल्या हंगामात मंत्रिसाहेबांच्या हस्ते सरकारी कापूस खरेदीचं उद्घाटन ठरलं. पहिल्या ट्रॉलीचा मान दादांना मिळाला. मंडप, शाल, नारळ, सगळं यथासांग झालं. फोटोवाल्याने साहेबांना कापसाला जरा हात लावायला सांगितलं आणि तिथेच घात झाला. वरवर लावायचा हात सवयीने कोपरापर्यंत आत गेला. मूठ बाहेर आली, सरकी दाताखाली गेली, तोंड वाकडं झालं आणि समोर धरलेल्या माइकमध्ये साहेब बोलून गेले, "ओल लय हाय."

साहेब स्वतःही दचकले असावेत, पण मंत्र्याने शब्द मागे घ्यायची आपल्याकडे रीत नाही. त्यांनी लगेच शेतकऱ्यांनी गुणवत्तेकडे लक्ष द्यावं यावर भाषण ठोकलं. ग्रेडरने ओलावा मोजायचं यंत्र कापसात खुपसलं. आकडा त्याने पाहिला, मीही पाहिला. माल कोरडा होता. मग त्याने साहेबांकडे पाहिलं, यंत्र खिशात टाकलं आणि ट्रॉली बाजूला घ्यायला सांगितली. सगळे दादांकडे बघत होते. साहेबांच्या गळ्यातला हार ओढून काढावा असं मला वाटलं, खोटं कशाला सांगू.

भरलेली ट्रॉली गावात परत न्यायची दादांना लाज वाटली. जवळ जिनिंग एकच, साहेबांची. आता ती त्यांचा मुलगा बघतो. त्याने वरचीच मूठ घेतली, धागा ओढून पाहिला आणि हळू आवाजात म्हणाला, "काका, माल एक नंबर हाय. पण साहेबांनी मंडपात ओल म्हणलंय. मी कोरडा म्हणलं तर साहेब खोटे पडतेत. कटती करावीच लागंल."

दादा दरावरून भांडले नाहीत. एवढंच म्हणाले, "कटती करा. पण माल कोरडा होता, येवढं चार माणसांत सांगा."

"ते जमायचं न्हाई, काका."

मग हमालांनी आमची ट्रॉली रिकामी केली, ओल्या मालाचा ढीग सोडून, कोरड्या कापसाच्या ढिगावर.